हुकूमनामा हातात, वावर भावांकडे: एका वाटणीच्या अंमलबजावणीचं प्रकरण

मावशी, म्हणजे माझ्या अशील, माझ्याकडे आल्या तेव्हा त्या दावा जिंकलेल्या होत्या. जिल्हा न्यायालयातलं अपीलही त्यांच्याच बाजूनं लागलं होतं. तरी संत्रा पट्ट्यातल्या आपल्या गावाहून पहाटेच्या एसटीनं त्या नागपूरला येत, गणेशपेठ स्टँडवरून सिव्हिल लाइन्स गाठत आणि पिशवीतून दर वेळी तीच नक्कल काढून टेबलावर ठेवत. हुकूमनाम्याची ती नक्कल इतक्या वेळा उघडून मिटलेली होती की घडीवर कागद विरून गेला होता. मागून चिकटपट्टी लावलेली. नेमके त्या चिरेवरच ‘एक तृतीयांश हिस्सा’ हे शब्द होते.

‘मॅडम, ह्या कागदानं वावर भेटत नसन, त कोर्टानं देला कायले जी?’

मी वीसेक वर्षं जमिनीचे दावे चालवते. अशिलांनी विचारलेल्या कायद्याच्या शंका सहसा विसरते, हा प्रश्न विसरले नाही. पुढे जे घडलं ते सगळं इथं लिहिते आहे. गाव, तालुका, अधिकारी, कोणाचंही नाव देत नाही. अशा अवस्थेत अडकलेल्या माणसाला वाट दिसावी, एवढ्यासाठी हे लिहिणं.

वाद कशाचा होता

वडिलांचं अठरा एकर वावर, एकाच खसऱ्यात. विहिरीच्या अंगाला संत्र्याची झाडं, मधल्या पट्ट्यात कपाशी आणि तूर, पार टोकाला बरड. पांदण रस्ता विहिरीच्या बाजूनं येतो. वडील मृत्युपत्र न करता गेले. पटवाऱ्यानं फौतीच्या फेरफारात दोन भाऊ आणि मावशी अशी तिघांची नावं लावली. मग भावांनी हक्कसोड पत्रावर सही मागितली आणि मावशींनी ती दिली नाही. त्या दिवसापासून माहेरचं दार बंद झालं.

भावांचं म्हणणं असं की बहिणीचं लग्न 2005 च्या किती तरी आधी झालं, म्हणून तिला हिस्सा नाही. हा गैरसमज आपल्याकडे घराघरांत आहे. हिंदू उत्तराधिकार कायद्यातली 2005 ची दुरुस्ती मुलींना वडिलोपार्जित एकत्र कुटुंबाच्या मिळकतीत जन्मानं हक्क देते. हे वावर तर वडिलांनी स्वतःच्या कमाईतून विकत घेतलं होतं. अशा मिळकतीत, मृत्युपत्र नसेल तर, मुलगा आणि मुलगी यांना सारखाच वाटा त्याच कायद्यानं 1956 पासूनच दिलेला आहे. लग्न केव्हा झालं याचा त्याच्याशी संबंध नाही. आणि वडिलोपार्जित मिळकतीपुरतंही, 2005 मध्ये वडील हयात असायलाच हवेत असं नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं विनीता शर्मा प्रकरणात 11 ऑगस्ट 2020 ला सांगून टाकलं. खालच्या न्यायालयानं मावशींना एक तृतीयांश, म्हणजे सहा एकरांचा हिस्सा दिला. भावांचं अपील फेटाळलं गेलं. त्यांनी उच्च न्यायालयात दुसरं अपील दाखल केलं, पण स्थगिती मिळाली नाही. ही शेवटची ओळ नीट लक्षात ठेवा, कारण सगळी गाडी तिथंच अडली.

कोर्टाकडून कचेरीकडे

शेतजमिनीच्या वाटणीत एक गोष्ट बहुतेक पक्षकारांना कोणी सांगत नाही. कोणाचा हिस्सा किती हे दिवाणी न्यायालय ठरवतं. तो हिस्सा जमिनीवर कोणता, बांध कुठून जाणार, हे न्यायालय ठरवत नाही. सरकारला शेतसारा भरणाऱ्या जमिनीची प्रत्यक्ष वाटणी जिल्हाधिकाऱ्यानं किंवा त्यानं नेमलेल्या राजपत्रित अधिकाऱ्यानं करायची, असं दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम 54 सांगतं. म्हणून न्यायालय जिल्हाधिकाऱ्यांना प्रिसेप्ट, म्हणजे वाटणी करून देण्याचा लेखी आदेश, पाठवतं. तो तहसीलदारांकडे उतरतो, तहसीलदार भूमी अभिलेखच्या उपअधीक्षकांना मोजणीसाठी लिहितात, भूकरमापक वावरात येतो, वाटप तक्ता आणि आकारफोड (शेतसाऱ्याची हिस्स्यांनुसार विभागणी) होते, ताबा दिला जातो आणि शेवटी फेरफार नोंदवून नवे सातबारे निघतात. 1967 चे जमीन विभाजनाचे नियम याच कामासाठी आहेत.

या सगळ्या साखळीत महसूल अधिकारी हा निवाडा करणारा नसतो, निवाडा अंमलात आणणारा असतो. त्याला स्वतःचं डोकं चालवायला जागा आहे, ती एवढीच की वाटणी न्याय्य व्हावी. एकाला विहीर आणि दुसऱ्याला बरड असं होऊ नये, वाट सगळ्यांना मिळावी, तुकडेबंदीच्या कायद्यात न बसणारा तुकडा पडू नये. बहिणीला हिस्सा द्यावा की नाही, हा प्रश्न त्याच्या टेबलावर नसतोच.

जिल्हा पातळीवरून मावशींचा प्रिसेप्ट वेळेत खाली गेला. तालुक्याला पोचला आणि तिथं थांबला.

पहिल्यांदा भावांचा हरकत अर्ज आला. तहसील कार्यालयानं तो ठेवून घेतला आणि चक्क सुनावणीच्या तारखा लावल्या. जो वाद दोन न्यायालयांनी निकाली काढला होता, त्यावर तिथं पुन्हा दोन्ही बाजूंचे जबाब सुरू झाले. मग मोजणी फी भरायला सांगितलं. मावशींनी गळ्यातली पोत गहाण ठेवून ती भरली, चलान माझ्या फाइलीत आहे. मग वावरात पीक उभं होतं. पीक निघालं तर मोजणीची तारीख मिळेना. तारीख मिळाली तेव्हा अधिकारी बदलून गेले आणि नव्या साहेबांना विषय पहिल्यापासून समजून घ्यायचा होता. आम्ही दिवाणी न्यायालयाकडून स्मरणपत्र पाठवलं. त्याचं उत्तरही आलं नाही.

इथं माझीही चूक झाली आणि ती लिहिली पाहिजे. पहिलं वर्षभर मी तोंडी पाठपुरावा केला. फोन केले, ओळखीच्या लिपिकाला विचारलं, ‘पुढच्या आठवड्यात करून देतो’ यावर विश्वास ठेवला. त्या वर्षाचा एकही कागद माझ्याकडे नव्हता. न्यायालयात उभं राहून मी काय दाखवणार होते?

टिपणीतली एक ओळ

माहितीच्या अधिकारात नस्तीची, म्हणजे कार्यालयातल्या फाइलीची, संपूर्ण प्रत मागितली. कायद्यानं तीस दिवसांची मुदत आहे आणि या वेळी ती पाळली गेली. आलेल्या पानांत सगळ्यात महत्त्वाचं होतं टिपणीचं पान. हिरवट कागद, डावीकडे समास, खाली दोन सह्या. मजकूर दीड ओळीचा: उच्च न्यायालयात द्वितीय अपील प्रलंबित, प्रकरण न्यायप्रविष्ट, सबब तूर्त नस्तीबद्ध करावे.

म्हणजे मावशी एसटीनं हेलपाटे घालत होत्या, आम्ही तारखा विचारत होतो, आणि नस्ती बंद होऊन कपाटात गेली होती. आम्हाला कोणी कळवलंसुद्धा नव्हतं. मावशींना मी ती ओळ वाचून दाखवली. त्यांनी पदरानं चष्मा पुसला आणि पुन्हा वाचायला सांगितली. त्या दुपारी मला आलेला राग अजून ओसरलेला नाही.

‘न्यायप्रविष्ट’ हा शब्द सरकारी कार्यालयांत ढालीसारखा वापरला जातो, म्हणून त्यावर थोडं थांबते. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर 41, नियम 5 मध्ये स्वच्छ लिहिलेलं आहे की अपील दाखल केल्यानं हुकूमनाम्याची अंमलबजावणी थांबत नाही. अपील न्यायालयानं तसा आदेश दिला तरच थांबते. दुसऱ्या अपिलालाही तोच नियम. स्थगितीचा आदेश नस्तीत नसेल तर हुकूमनामा जिवंत आहे आणि त्याची अंमलबजावणी हे त्या अधिकाऱ्याचं आजचं काम आहे. अपिलाचा निकाल उलटा लागला तर झालेलं काम परत फिरवण्याची सोयही त्याच संहितेत आहे, कलम 144 मध्ये. त्याची चिंता लिपिकानं करायची नसते.

आदेश हातात पडलेल्या अधिकाऱ्यापुढे, माझ्या समजुतीनं, प्रामाणिक वाटा तीनच. आदेश पाळावा. पटत नसेल तर वरच्या न्यायालयातून स्थगिती आणावी. खरीच अडचण असेल तर ज्या न्यायालयानं आदेश दिला त्याच्याकडे मुदत किंवा खुलासा मागावा. गप्प बसणं ही वाट नाही. आदेश चुकीचा वाटला म्हणून तो मोडायची मुभा कोणालाच नाही. अवमानाच्या सुनावणीत मूळ आदेश बरोबर की चूक हे बघायचंच नसतं, हे सर्वोच्च न्यायालयानं पृथ्वीनाथ राम प्रकरणात 2004 मध्ये ठरवून दिलं आहे.

तिसऱ्या वाटेचं उदाहरण विदर्भातच आहे. 12 डिसेंबर 1996 च्या सर्वोच्च न्यायालयाच्या वनविषयक आदेशानंतर झुडपी जंगलाच्या, म्हणजे खुरट्या झुडपांच्या, जमिनींचा मोठा पेच झाला. नागपूर, वर्धा, भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली या सहा जिल्ह्यांतली सुमारे 86,000 हेक्टर जमीन, तिच्यावर कुठे घरं, कुठे शाळा, कुठे कार्यालयं. आदेश अडचणीचा होता म्हणून तो कपाटात ठेवून भागण्यासारखं नव्हतं. प्रश्न न्यायालयापुढेच गेला आणि 22 मे 2025 ला निकाल आला: झुडपी जंगल हे वनच, मात्र 1996 च्या त्या तारखेआधी दिलेल्या जागांसाठी केंद्राच्या मंजुरीची रीतसर वाट. एवढ्या मोठ्या पेचात जे जमतं ते अठरा एकरांच्या वाटणीत का जमू नये?

तहसीलदारांच्या टेबलावर कामाचा डोंगर असतो हे मी नाकारत नाही. गारपिटीचे पंचनामे, निवडणुका, दाखले, डिसेंबरात अधिवेशनाची धावपळ. पण त्यासाठीही कायदा आहे. आपण ज्याला दफ्तर दिरंगाईचा कायदा म्हणतो, त्या 2005 च्या महाराष्ट्राच्या कायद्यानुसार कोणतीही नस्ती साधारणपणे सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा जास्त एका टेबलावर राहू नये आणि जाणूनबुजून केलेली दिरंगाई शिस्तभंगाला पात्र आहे. साध्या अर्जाला सात दिवस, तर न्यायालयाच्या हुकूमनाम्याला किती?

उच्च न्यायालयाची पायरी

टिपणीची प्रत हाती आल्यावर आम्ही नागपूर खंडपीठात संविधानाच्या अनुच्छेद 226 खाली याचिका केली. मागणी एकच: कायद्यानं नेमून दिलेलं काम करा, असा परमादेश. सहायक सरकारी वकिलांनाही त्या टिपणीचं समर्थन करता आलं नाही. पहिल्या-दुसऱ्या तारखेलाच याचिका निकाली निघाली. आठ आठवड्यांत वाटणी पूर्ण करून अहवाल दिवाणी न्यायालयाला पाठवावा, असा आदेश झाला.

या वेळी मी तोंडी काही केलं नाही. आदेशाची प्रमाणित प्रत, सोबत एका पानाचं पत्र, पत्रात आठ आठवडे कोणत्या दिवशी संपतात ती तारीख, आणि हे सगळं तहसील व मोजणी या दोन्ही कार्यालयांत हातोहात. आवक शिक्का, क्रमांक, तारीख आणि घेणाऱ्याची सही आमच्या प्रतीवर घेतली. तेच पत्र पुन्हा टपालानं पोचपावतीसह. मावशी सोबत होत्या. आवक-जावकच्या खिडकीत शिक्का उमटल्याचा ठप्प आवाज आला तेव्हा त्या म्हणाल्या, ‘एवढ्या वर्सात पयल्यांदा ठप्पा लागला बाप्पा.’

हा शिक्का इतका महत्त्वाचा का, तर दिवाणी अवमानासाठी आदेश हेतुपुरस्सर मोडल्याचं दाखवावं लागतं. आदेश माहीतच नव्हता, असं म्हणायला जागा राहिली की प्रकरण तिथंच ढिलं पडतं. अवमान हा व्यक्तीचा दोष आहे, खुर्चीचा नाही. म्हणून मधे साहेब बदलले तर नव्या साहेबांना आदेश पुन्हा बजावायचा, त्यांच्या नावानं. आमच्या प्रकरणात सहाव्या आठवड्यात पुन्हा बदली झाली आणि आम्ही दुसऱ्याच दिवशी तेच पत्र नव्यानं दिलं.

आठ आठवडे संपले. भूकरमापक एकदा येऊन गेला, भावांनी वावरात आडवे उभं राहून विरोध केला, तो मोजणी न करता परत गेला. पोलीस बंदोबस्ताचं पत्र कोणी लिहिलं नाही.

अवमान याचिकेला एका वर्षाची मुदत आहे, 1971 च्या कायद्याच्या कलम 20 खाली. मी इतक्या वेळा पाहिलंय की लोक ‘होईल, होईल’ म्हणत बसतात आणि तेरावा महिना लागतो. मग पुन्हा नवी याचिका, पुन्हा नवा आदेश. आम्ही मुदत संपल्यावर तीन आठवडे थांबलो, एक शेवटचं स्मरणपत्र दिलं आणि अर्ज दाखल केला.

अवमानाची शिक्षा कायद्याच्या कलम 12 नुसार जास्तीत जास्त सहा महिन्यांची साधी कैद आणि दोन हजार रुपये दंड. ऐकायला किरकोळ वाटते, पण ती प्रत्यक्षात होते. लाकूड गिरण्यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाचा आदेश डावलला म्हणून महाराष्ट्राचे एक माजी वनमंत्री आणि वनविभागाचे प्रधान सचिव यांना मे 2006 मध्ये एक महिन्याची कैद सुनावली गेली होती. जमिनीच्याच प्रकरणात अगदी अलीकडचा निकाल आहे तो मे 2025 चा. आंध्रातल्या गुंटूरमध्ये तहसीलदार असताना एका अधिकाऱ्यानं उच्च न्यायालयाचा आदेश असूनही झोपड्या पाडल्या होत्या. उच्च न्यायालयानं दोन महिन्यांची कैद दिली. सर्वोच्च न्यायालयानं कैद काढली, पण उपजिल्हाधिकारी झालेल्या त्या अधिकाऱ्याला पुन्हा तहसीलदाराच्या पदावर उतरवलं आणि एक लाख रुपये दंड ठोठावला. ही बातमी आली त्या आठवड्यात आमच्या बार रूममध्ये दुसरा विषय नव्हता.

मला स्वतःला कोणी अधिकारी तुरुंगात जावा असं कधी वाटलं नाही. मावशींनाही नाही. त्यांनी मला दोनदा विचारलं, ‘त्या पोराची नोकरी त जानार नाही ना?’ अधिकारी वयानं लहान होता. आम्हाला हवा होता बांध.

न्यायालयानं नोटीस काढली. अधिकाऱ्यांना ऊठसूट न्यायालयात बोलावू नये, बोलवायचंच झालं तर आधी व्हिडिओवर बोलवावं, अशी पद्धत सर्वोच्च न्यायालयानं 3 जानेवारी 2024 च्या निकालात घालून दिली आहे. ती योग्यच आहे असं माझं मत. दिवसभर कॉरिडॉरमध्ये बसलेला तहसीलदार त्या दिवशी आपल्या तालुक्याच्या कामाचा नसतो. इथंही हजेरी पडद्यावरच झाली. शपथपत्रात बिनशर्त माफी होती आणि मोजणीची तारीख होती. न्यायालयानं अर्ज लगेच बंद केला नाही. आधी काम, मग माफीचा विचार, असा क्रम ठेवला. तो क्रमच आमच्या कामी आला.

वावरात

नोटीस बजावल्यापासून सव्वीस दिवसांत मोजणी, आकारफोड आणि ताबा, सगळं झालं. आधीची वर्षं मी मुद्दाम मोजत नाही.

मोजणीच्या दिवशी मी गेले होते. दोन पोलीस, मंडळ अधिकारी, पटवारी, भूकरमापक आणि त्याचं रोव्हर यंत्र, शेजारच्या खातेदारांपैकी तिघं. भाऊ विहिरीजवळ उभे होते. पहिल्या वाटप तक्त्यात मावशींचे सहा एकर पार बरडाच्या टोकाला दाखवले होते. आम्ही जागेवरच लेखी हरकत दिली. हा मात्र नव्या तहसीलदारांच्या अधिकारातला प्रश्न होता आणि तो त्यांनी नीट सोडवला. वावर आडवं न कापता उभं कापायचं ठरलं. तीन लांब पट्टे, प्रत्येकात थोडी बाग, थोडी काळी माती, थोडं बरड, आणि तिन्ही पट्ट्यांची तोंडं पांदण रस्त्याला. संत्र्याची काही झाडं मधल्या बांधावर आली, ती मोजून पंचनाम्यात लिहिली. विहीर सामाईक. बांधावर खुणांचे दगड रोवले. शेवटचा दगड बसला तेव्हा मावशींनी वाकून त्याच्या बुडाशी मूठभर माती दाबली आणि ताबा पावतीवर सही केली. अंगठा नाही, सही. सही करणं मावशी नातवाकडून शिकल्या होत्या.

अंमलबजावणीसाठी पडून राहिलेल्या दरखास्तींचा हिशोब सर्वोच्च न्यायालयानं 2025 मध्ये देशभरातून मागवला. आकडा 8.82 लाखांवर गेला आणि त्यात सगळ्यात मोठा वाटा, 3.41 लाख, आपल्या मुंबई उच्च न्यायालयाच्या क्षेत्रातला निघाला. दरखास्त म्हणजे जिंकलेल्या माणसाचा अर्ज. लाखो माणसं जिंकून ताटकळत आहेत. कलम 54 खाली महसूल खात्याकडे गेलेले आणि कपाटात राहिलेले प्रिसेप्ट यात किती मोजले गेले, हा प्रश्न मला सतावतो.

मावशींचा फेरफार पंधरा दिवसांच्या नोटिशीची मुदत संपल्यावर मंजूर झाला, नवा सातबारा निघाला. दुसरं अपील अजून उभं आहे. तीन भागांतल्या विहिरीच्या पाण्याची पाळी ठरलेली नाही. भाऊ रात्रीची पाळी देतात आणि रात्री मोटार सुरू करायला जाणारं मावशींकडे कोणी नाही. भावांनी एकट्यांनी खाल्लेल्या इतक्या वर्षांच्या उत्पन्नाचा हिशोब मागणारा आमचा अर्ज दिवाणी न्यायालयात आहे. पुढची पेशी पोळ्यानंतरची मिळाली आहे.